‘पॉइंट ब्लँक’ आणि बाबांचा कान

बाबा खानापूरहून रोज बेळगावला, उद्यमबागेतल्या फाउंड्रीत जायचे. तिथल्या आवाजानं त्यांचा उजवा कान गेला. आणि मी घरात नेलबॉम्बचा १९९४ चा ‘पॉइंट ब्लँक’ लावायचो! सेपल्टुराचा मॅक्स कॅव्हलेरा आणि फज टनेलचा अ‍ॅलेक्स न्यूपोर्ट यांनी आपापले बँड सांभाळून केलेला हा उद्योग. स्टुडिओ अल्बम एवढा एकच. इंडस्ट्रियल मेटल म्हणजे गिटारच्या जोडीला यंत्रांसारखे घणाघाती आवाज. आई दारच लावून घ्यायची.

एकदा बाबा डावा कान स्पीकरकडे करून बसले.

“हे पैसे देऊन ऐकतोस?”

मी आवाज कमी करायला उठलो.

“राहू दे रे. साच्यातली वाळू झाडायचं आमचं मशीन असंच वाजायचं.”

दोन गाणी होईपर्यंत ते उठले नाहीत.