पाठराखण: नादेझ्दा मांदेलश्ताम आणि कंठस्थ कविता

१/ इतिहासाच्या अभ्यासात कागदाला मोठा मान असतो. लिहून ठेवलेले टिकते आणि तोंडी राहिलेले विरते, असा आपला सर्वसाधारण समज. स्टालिनच्या काळातील सोव्हिएत रशियात मात्र एका थोर कवीच्या बाबतीत कागद हाच मोठा धोका ठरला. ओसिप मांदेलश्ताम (१८९१–१९३८) यांची अखेरच्या वर्षांतील कविता आज उपलब्ध आहे, याचे बरेचसे श्रेय त्यांच्या पत्नी नादेझ्दा यांच्या पाठांतराला जाते.

२/ नादेझ्दा यांचा जन्म १८९९ चा. त्या कीव्हमध्ये वाढल्या, चित्रकला शिकल्या आणि तिथेच १९१९ मध्ये त्यांची ओसिप यांच्याशी भेट झाली. ओसिप सहसा लेखणी हाती घेऊन कविता करत नसत. येरझाऱ्या घालत, पुटपुटत ते ओळी जुळवत आणि रचना आकाराला आली की पत्नीला उतरवून घ्यायला सांगत. त्यामुळे कविता कागदावर येण्याआधीच नादेझ्दा यांच्या कानांत मुरलेली असे.

३/ नोव्हेंबर १९३३ मध्ये ओसिप यांनी स्टालिनवर १६ ओळींची एक जळजळीत कविता रचली. ती त्यांनी लिहून ठेवली नाही, विश्वासातील मोजक्या मंडळींना म्हणून दाखवली. तरीही ती गुप्त पोलिसांपर्यंत पोहोचली. मे १९३४ मध्ये रात्रभर घराची झडती झाली आणि ओसिप यांना अटक झाली. चौकशीत त्यांनी ती कविता स्वहस्ते लिहून दिली. जी कविता घरात कागदावर ठेवणे अशक्य होते, तिची कवीच्या हस्ताक्षरातील प्रत अशा रीतीने पोलिसांच्या फायलीत जपली गेली.

४/ शिक्षा झाली तीन वर्षांच्या हद्दपारीची: प्रथम उरल भागातील चेर्दिन, नंतर वोरोनेझ. नादेझ्दा सोबत गेल्या. वोरोनेझमध्ये ओसिप यांना पुन्हा कविता सुचू लागली. नादेझ्दा तिच्या एकाहून अधिक प्रती करत आणि त्या वेगवेगळ्या ठिकाणी ठेवत. त्या गावातील शिक्षिका नाताल्या श्तेंपेल यांनी महायुद्धात शहर सोडताना या कवितांच्या वह्या सोबत नेल्या आणि सांभाळल्या.

५/ मे १९३८ मध्ये ओसिप यांना दुसऱ्यांदा अटक झाली आणि पाच वर्षांच्या श्रमछावणीची शिक्षा सुनावण्यात आली. २७ डिसेंबर १९३८ रोजी व्लादिवोस्तोकजवळच्या संक्रमण छावणीत त्यांचा मृत्यू झाला. पत्नीला हे कळले ते टपालातून. त्यांनी पाठवलेले पार्सल १९३९ च्या आरंभी परत आले. ते घेणारा हयात नव्हता.

६/ कैद्याच्या पत्नीला मॉस्कोत राहण्याची मुभा नव्हती. ओसिप कैदेत असताना नादेझ्दा यांनी मॉस्कोपासून दूर, स्त्रुनिनो येथील कापड गिरणीत रात्रपाळीचे काम धरले. यंत्रांच्या घरघरीत त्या कवितांची उजळणी करत. तिथेही पोलिसांची नजर वळली, तेव्हा सोबतच्या कामगारांच्या मदतीने त्या निसटल्या.

७/ हस्तलिखिते उशीत दडवली, स्वयंपाकाच्या भांड्यांत लपवली, स्नेह्यांकडे सोपवली. पण स्नेह्यांवरही काळ येत होता. सर्गेई रुदाकोव यांच्याकडे बरेच कागद होते. ते १९४४ मध्ये युद्धात मारले गेले आणि ती हस्तलिखिते नादेझ्दा यांच्याकडे परत आली नाहीत. म्हणून पाठांतराला पर्याय नव्हता. १९५६ पर्यंत कविता आणि गद्यही आपल्याला मुखोद्गत होते आणि विसर पडू नये म्हणून रोज थोडे थोडे म्हणावे लागे, असे त्यांनी नोंदवले आहे. हा ठेवा बाळगणाऱ्या व्यक्तीला जिवंत राहणे हेही एक कर्तव्यच होते.

८/ दरम्यान ताश्कंद, उल्यानोव्स्क, चिता, चेबोक्सारी, प्स्कोव अशा गावोगावी इंग्रजी शिकवून त्यांनी पोट भरले. ताश्कंदमध्ये कवयित्री आन्ना आख्मातोवा सोबत होत्या. १९५६ मध्ये ओसिप यांना १९३८ च्या खटल्यातून दोषमुक्त करण्यात आले. नादेझ्दा यांना मॉस्कोत परत स्थिरावण्यास १९६० चे दशक उजाडले. त्यांच्या आठवणींचा पहिला खंड १९७० मध्ये न्यूयॉर्कला प्रसिद्ध झाला, मायदेशी नव्हे. १९७३ मध्ये ओसिप यांच्या कवितांचा संग्रह अखेर सोव्हिएत संघात निघाला. मूळ कागद मात्र नादेझ्दा यांनी देशाबाहेर पाठवले आणि १९७६ मध्ये ते अमेरिकेतील प्रिन्स्टन विद्यापीठाच्या स्वाधीन केले. ज्या राज्यसंस्थेने कवीला मारले, तिच्या दप्तरखान्यावर विश्वास ठेवण्यास त्या तयार नव्हत्या.

९/ या कथेला दुसरी बाजू आहे आणि इतिहासाच्या विद्यार्थ्याने ती टाळू नये. आठवणींच्या दुसऱ्या खंडात (१९७२) नादेझ्दा यांनी समकालीनांविषयी इतके कठोर लिहिले की अनेक जुने स्नेही दुखावले. लेखिका लिदिया चुकोव्स्काया यांनी त्याचा सविस्तर प्रतिवाद लिहिला. ज्यांनी साधन जपले, त्यांच्या मतांचा आणि रागाचा ठसाही त्या साधनावर उमटतो. एकाच कवितेचे दोन पाठ असतील, तर नादेझ्दा यांना आठवला तोच अखेरचा, असे गृहीत धरता येत नाही. कृतज्ञता आणि चिकित्सा, दोन्ही बाळगाव्या लागतात.

१०/ नादेझ्दा यांचे निधन २९ डिसेंबर १९८० रोजी मॉस्कोत झाले. रशियन भाषेत ‘नादेझ्दा’ म्हणजे आशा. १९३४ च्या खटल्यातून ओसिप यांची मुक्तता झाली १९८७ मध्ये, पत्नीच्या मृत्यूनंतर सात वर्षांनी. निकालाची वाट पाहत बसल्या असत्या, तर दोषमुक्त झालेल्या कवीच्या कितीतरी कविता तोवर नाहीशा झालेल्या असत्या.

(समाप्त)