ऊबझाड

गेल्या नाताळच्या सुट्टीत माझी नात कोराडीला आली होती. मुंबईत वाढलेल्या त्या मुलीला आमच्याकडची डिसेंबरातली थंडी नवीनच. आजीची शाल गुंडाळून ती संध्याकाळभर चित्र काढीत बसली. चित्रातल्या जगाला सूर्यच नव्हता. काळ्याभोर आकाशाखाली एक झाड उभे होते. त्याची पाने निखाऱ्यासारखी उजळलेली होती आणि बुंध्याभोवती माणसे हात शेकीत बसली होती. "ह्याला ऊबझाड म्हणायचं," तिने मला समजावले. "खरं नसतं हं असं झाड, आजोबा."

"नसतं," असे म्हणून मी मोकळा झालो असतो. पण खिडकीबाहेर वीजकेंद्राच्या धुराड्यांवरचे तांबडे दिवे लुकलुकत होते. त्या केंद्राचा पहिला संच १९७४ साली सुरू झाला. पुढे काही वर्षांनी मी तेथे कोळसा हाताळणी विभागात रुजू झालो आणि उभी हयात तेथेच घालवली. रिकाम्या होणाऱ्या वाघिणी, अखंड धावणारे पट्टे, पावसाळ्यात त्यांना चिकटून बसणारा ओला कोळसा, हेच माझे जग होते. मी म्हणालो, "असतं बाळा. फक्त ते उभं नसतं, जमिनीखाली निजलेलं असतं."

मग मी तिला कोळशाची कुळकथा सांगितली. पंचवीस ते तीस कोटी वर्षांपूर्वी ह्या भागात दलदलीची अरण्ये होती. 'ग्लॉसॉप्टेरिस' हा तेथला मुख्य वृक्ष. त्याची पाने जिभेच्या आकाराची, म्हणून हे ग्रीक नाव. ती झाडे सूर्याचे ऊन पिऊन वाढली, पडली, चिखलाखाली गाडली गेली आणि दाबाखाली त्यांचा कोळसा झाला. आमच्या शेजारच्या कामठी व सिल्लेवाडा परिसरातील वालुकाश्मांत त्या पानांचे ठसे सापडतात. १८४५ साली नागपुरात आलेले स्कॉटिश मिशनरी स्टीफन हिस्लॉप हे असे ठसे हौसेने गोळा करीत. त्यांनी जमवलेल्या वनस्पती-जीवाश्मांचे वर्णन चार्ल्स बनबरी यांनी १८६१ मध्ये इंग्लंडात प्रसिद्ध केले. नागपूरचे हिस्लॉप कॉलेज त्याच हिस्लॉप यांच्या नावाचे. आणि ज्या प्राचीन महाखंडावर ही अरण्ये होती, त्याला जगभरचे भूशास्त्रज्ञ 'गोंडवन' म्हणतात. आमच्या गोंडांच्या भूमीचेच ते नाव!

ह्या झाडाची एक कथा मला नेहमी अस्वस्थ करते. कॅप्टन स्कॉट आणि त्यांचे सोबती १९१२ साली दक्षिण ध्रुवाहून परतताना उपासमारीने व थंडीने मरण पावले. त्यांचा तंबू सापडला तेव्हा जवळ सुमारे सोळा किलो दगड होते. अंगात त्राण नसतानाही त्यांनी ते टाकले नव्हते. त्या दगडांत ग्लॉसॉप्टेरिसच्या पानांचे ठसे निघाले. गारठून प्राण सोडणाऱ्या माणसांच्या उशाशी ऊबझाडाची पाने होती. पण ती दगड झालेली. त्यांच्यापासून ऊब कशी मिळावी?

नात हे सारे निमूटपणे ऐकत होती. मग तिने सहज विचारले, "म्हणजे आजोबा, तुम्ही जन्मभर झाडंच जाळत होतात?"

इतक्या वर्षांत हा प्रश्न मला कोणी विचारला नव्हता. मीही स्वतःला विचारला नव्हता. आपल्याकडच्या कोळशात शंभर किलोंमागे तीस ते चाळीस किलो राख निघते, हे मला पाठ होते. ती झाडे होती, हेही ठाऊक होते. पण ह्या दोन गोष्टी मी कधी शेजारी ठेवून पाहिल्या नव्हत्या. मी म्हणालो, "हो बाळा, झाडंच जाळली. पण त्या उजेडात तुझ्या आईने अभ्यास केला." दोन्ही गोष्टी खऱ्या होत्या. एकीने दुसरी पुसली जात नव्हती.

"जळूनही न संपणारं झाड नाही का कुठे?" तिने विचारले. तिच्या आजीला लगेच निर्गमाच्या तिसऱ्या अध्यायातील मोशेचे झुडूप आठवले. ते पेटलेले होते, पण भस्म होत नव्हते. मला मात्र कमळ आठवले. १९९६ साली ऑस्ट्रेलियातील ॲडलेड येथील संशोधकांनी एक विलक्षण निरीक्षण प्रसिद्ध केले. उमलणारे कमळ स्वतः उष्णता निर्माण करते. बाहेरची हवा दहा अंशांपर्यंत उतरली तरी ते दोन-चार दिवस आपले तापमान तीस ते छत्तीस अंशांच्या दरम्यान राखते. आपला सुरणही फुलताना तापतो. ही उष्णता साठवलेल्या अन्नाच्या मंद ज्वलनातून येते. त्याने सुगंध दरवळतो, परागवाहक कीटक येतात आणि त्यांना उबदार आसरा मिळतो. भुंगा रात्रभर कमळात अडकून पडतो, हा आपल्या कवींचा जुना संकेत. कदाचित तो अडकत नसेल, थंडीत ऊब सोडवत नसेल! कमळाला ह्या उबेची किंमत मोजावी लागतेच. पण ते स्वतःची शिदोरी खर्च करते आणि मागे राखेऐवजी बी ठेवते. आम्ही मात्र कोट्यवधी वर्षांची दुसऱ्याची शिदोरी दोन-चार पिढ्यांत उघडून बसलो आहोत.

हा शेवटचा विचार मी तिला बोलून दाखवला नाही. दहा वर्षांच्या मुलीच्या माथी आमचा हिशेब कशाला मारावा?

जायच्या दिवशी ती चित्र मला देऊन गेली. गाडी सुटल्यावर मी ते उलगडून पाहिले. ऊबझाडाजवळ तिने एक लहानसे तळे काढले होते आणि त्यात गुलाबी कमळ. झाडाच्या बुंध्याशी मात्र करड्या पेन्सिलीने एक ढीग रंगवलेला होता. त्याचे नाव तिने लिहिले नव्हते. मला ते वाचता आले.