रविवारी न धावलेला माणूस

‘चॅरियट्स ऑफ फायर’ (1981) पुन्हा पाहिला. माझं लक्ष शर्यतींपेक्षा एरिक लिडेलच्या बहिणीकडे, जेनीकडेच जास्त जातं. धावण्याच्या नादात भाऊ देवाच्या कामाला अंतरेल, ही तिची धास्ती. एरिकला मात्र धावण्यातही देवच भेटतो. हे भांडण आवाज न चढवता चालतं, म्हणून अधिक बोचतं. (खरी जेनी एवढी विरोधात नव्हती म्हणे; पटकथेला कुणीतरी आडवं येणारं लागतंच!)

1924 च्या पॅरिस ऑलिम्पिकमध्ये 100 मीटरची प्राथमिक फेरी रविवारी होती. प्रभूच्या दिवशी लिडेल धावणार नव्हता. सिनेमात त्याला हे बोटीवर चढताना कळतं. प्रत्यक्षात कित्येक महिने आधीच ठाऊक होतं. मला खरी हकीकतच थोर वाटते. ऐन वेळचा बाणेदारपणा एखाद्याला साधतो. महिनोन्‌महिने ‘नाही’वर ठाम राहणं कठीण. मग 400 मीटरचं सुवर्ण त्याने 47.6 सेकंदांत पटकावलं.

पुढे तो चीनमध्ये मिशनरी झाला आणि 1945 मध्ये जपान्यांच्या बंदिछावणीत वारला. सिनेमा हे सगळं शेवटच्या पाटीवर उरकतो. एवढ्या चांगल्या चित्रपटाची ही कंजुषी मला खटकते.