शिरपा

कोल्हापुरात आजोळच्या गच्चीवर आबांची ढाबळ होती. गिरेबाज कबुतरं, तासन्‌तास आभाळात राहणारी. आबांचा जीव त्यांच्या उडण्यात. माझा शिरपा आणि चांदीच्या संसारात.

शिरपा सुरमई, मानेवर हिरवी-जांभळी झाक. चांदी पांढरीशुभ्र. तो गळा फुगवून घुमायचा, शेपूट जमिनीला घाशीत तिच्याभोवती गिरक्या घ्यायचा. येणारे-जाणारे तेवढंच पाहून हसायचे. मला त्यानंतरचं सगळं जास्त मोलाचं वाटे. ती त्याच्या चोचीत चोच घाली आणि तो तिला भरवी. घरट्याच्या दिवसांत गच्चीभर हिंडून तो खराट्याची एकेक काडी आणी, पण खाली टाकत नसे. तिच्या पाठीवर चढून तिच्या चोचीपुढे धरी. ती काडी परळात आपल्या अंगाखाली सरकवी, तोवर हा दुसरीसाठी निघालेला.

अंडी दोन, उबवण सतरा-अठरा दिवसांची. रात्रभर चांदी बसे. उन्हं वर आली की शिरपा शेजारी येऊन उभा राही. ती उठे, हा बसे, तो थेट दुपार कलेपर्यंत. ही वाटणी त्यांना कुणी शिकवलेली नव्हती आणि ती चुकलेली मी कधी पाहिली नाही.

एका पावसाळ्यात, अंडी फुटायला थोडेच दिवस उरले असताना, पाणी प्यायला उतरलेल्या चांदीला बोक्यानं नेलं. संध्याकाळी तिची यायची वेळ झाली. शिरपा उठला, ढाबळीच्या दारात जाऊन घुमला, परत येऊन बसला. पुन्हा उठला. अंधार पडला तेव्हा तो परळातच होता. नर रात्रीचा अंड्यांवर बसलेला आबांनीही पाहिला नव्हता.

"आता दोघांचं त्यालाच करायचं आलं," आबा म्हणाले. "दाणापाणी त्याच्या तोंडाशी ठेव, बाळा. उठायला लावू नकोस त्याला."

एक अंडं थंड पडलं. दुसऱ्यातून पिवळ्या लवेचं, मिटल्या डोळ्यांचं पिल्लू निघालं. अशा पिल्लाला पहिले काही दिवस दाणा चालत नाही, दूधच लागतं; आणि कबुतरांत ते बापालाही येतं. उबवणीच्या शेवटी नर-मादी दोघांच्याही अन्नपिशवीचं अस्तर जाड होतं आणि त्यातून पनीरासारखं दाट दूध सुटतं. त्यामागचं संप्रेरक प्रोलॅक्टिन. ऑस्कर रिडल आणि सहकाऱ्यांनी 1933 मध्ये त्याला हे नाव दिलं, ते कबुतरांवरच्याच अभ्यासातून. बाळंतिणीला दूध येतं तेही त्याच्यामुळेच. हे मी फार पुढे वाचलं. तेव्हा एवढंच दिसत होतं, की पिल्लू बापाच्या चोचीत डोकं खुपसतंय आणि शिरपा दिवसेंदिवस वाळत चाललाय.

पिल्लू जगलं. उडायलाही लागलं. शिरपा मात्र बरेच दिवस घुमला नाही.

दिवाळीनंतर आबांनी एक तपकिरी मादी आणली आणि काही दिवसांत जोडी जमली. "विसरला की चांदीला!" असं घरात कुणी म्हटलं, ते मला तेव्हाही पटलं नाही. जोडीदार जिवंत असेतो कबुतरं सहसा जोडी मोडत नाहीत. तो गेला की पुन्हा लावतात. एकट्यानं घरटं चालवणं म्हणजे काय, हे शिरपानं अंगावर काढलं होतं. नवी अंडी आली तसा तो जवळ येणाऱ्या आपल्या मोठ्या पिल्लाला टोचून हाकलू लागला. आबांनी पिल्लाला वरचा खण दिला.