चिंदी सैल लागली ती जागा

बंदुकीच्या मोठ्या आवाजाला सगळेच दचकतात. मी लहान आवाजाला घाबरते. तो मी आजवर एकदाच ऐकलाय. एकोणीस वर्षांची होते, एनसीसीच्या कॅम्पात फायरिंग पॉइंटवर पोटावर झोपले होते, खांद्याला .२२ची रायफल लावलेली. ‘टाप’ असा कोरडा आवाज यायला हवा होता. आला तो ‘फुस्स’. सायकलच्या ट्यूबमधून हवा जावी तसा.

त्या आवाजाचा अर्थ काय, हे त्या रेंजवरच्या बहुतेक पोरींना माहीत नव्हतं. मला माहीत होतं. गोष्ट तिथेच अडते.

पप्पा पोलीस मुख्यालयात कोतवर होते. कोत म्हणजे शस्त्रागार. सिनेमातले पोलीस रायफल घेऊन धावतात, माझे पप्पा ती रायफल सकाळी नंबर बघून देणारे आणि संध्याकाळी नंबर बघून घेणारे. दिलेल्या गोळ्या आणि परत आलेल्या रिकाम्या पुंगळ्या यांची बेरीज जुळली नाही तर रात्री जेवायला न येणारे. (आई म्हणायची, तुमच्यापेक्षा बँकेतला कॅशियर बरा, त्याला निदान पंखा तरी असतो.)

घरी त्यांनी बंदूक कधीच आणली नाही, पण बंदुकीबद्दल बोलायचे भरपूर. त्यातलं निम्मं आकड्यांबद्दल असायचं. त्यांचं एक आवडतं वाक्य होतं, “नाव बघून गोळी घालू नगं, माप बघून घाल.” मी आठवीत असताना त्यांनी मला वहीच्या मागच्या पानावर दोन काडतुसं काढून दाखवली होती. दोन्हींचं नाव ७.६२. एक एसएलआरचं, एक एके-४७चं. एसएलआरच्या काडतुसाची पितळी पुंगळी ५१ मिलिमीटर लांब, एकेची ३९. पोलिसांत सगळे नुसतं ‘सेव्हन सिक्स्टी टू’ म्हणतात. कोतवाल्याने तसं म्हणायचं नाही. त्याने पेटीवरचा दुसरा आकडा वाचायचा. जुन्या थ्री-नॉट-थ्रीचं तर नाव म्हणजे मापसुद्धा नाही. नावात .३०३ इंच, पण गोळी मोजली तर .३११च्या आसपास भरते. हे ऐकून मी हसले होते. पप्पा हसले नव्हते.

हे सगळं कशासाठी, तर काडतूस आत बसलं म्हणजे ते त्या बंदुकीचं झालं असं नसतं. उलट, मुळीच न बसणारं काडतूस त्यातल्या त्यात कमी धोक्याचं, कारण बोल्ट बंदच होत नाही. भीती बसणाऱ्या चुकीच्या काडतुसाची. बारा बोअरच्या बंदुकीत वीस बोअरचं काडतूस गेलं तर ते बारीक असल्यामुळे नळीत पुढे सरकून अडकतं. मागून बघणाऱ्याला वाटतं, बंदूक रिकामीच आहे. तो बारा बोअरचं दुसरं भरतो. पुढचं सांगायला नको. म्हणूनच वीस बोअरची काडतुसं पिवळ्या रंगाची करतात, डोळ्यांना लांबूनच कळावं म्हणून. रायफलींमध्येही तसंच. .२२ मॅग्नमच्या रायफलीत साधं .२२ सैल का होईना, बसतं, आणि उडवलं की त्याची पुंगळी फाटू शकते. इन्सासची ५.५६ची गोळी आणि शिकारी रायफलींची .२२३ रेमिंग्टन तर शेजारी ठेवल्या तर कळणार नाहीत. पण ५.५६मध्ये दाब जास्त असतो. ५.५६च्या रायफलीत .२२३ चालते, उलटं करायचं नाही. असलं ज्ञान मला दहावीच्या भूमितीपेक्षा जास्त होतं. कॉलेजात एनसीसीला गेले तेव्हा मी त्याचा थोडा माज पण केला.

त्यात आम्ही कोल्हापूरच्या. तेजस्विनी सावंत यांनी २०१०मध्ये म्युनिकला ५० मीटर प्रोनमध्ये जागतिक सुवर्णपदक आणलं, त्यानंतर इथल्या प्रत्येक मुलीला आपणही झोपून नेम धरू शकतो असं वाटायला लागलं होतं. आमच्या त्या कॅम्पात दिल्लीच्या थल सैनिक कॅम्पसाठी निवड होती. फायरिंगच्या जागा मोजक्या. माझी आणि माझ्या शेजारच्या गादीवर झोपणाऱ्या मुलीची चुरस होती. तिचं नाव इथे लिहीत नाही. ती गडहिंग्लजकडची, वडील नाहीत, मामाकडे वाढलेली. तिला दिल्ली बघायची होती, एवढंच सांगायची. तिचा ग्रुप, म्हणजे पाच गोळ्यांची भोकं, रुपयाच्या नाण्याखाली झाकली जायची.

त्या दिवशी माझ्या डिटेलला पाच-पाच राऊंड हातावर मिळाले. पप्पांची सवय म्हणून मी ते तळहातावर फिरवून बघितले. .२२च्या काडतुसाला मागे मधोमध टिकली नसते. पेट घेणारा मसाला बुडाच्या कडेत, आतून गोल भरलेला असतो. म्हणून या काडतुसाची कडा बघायची. चार राऊंड लख्ख होते. पाचव्याच्या कडेला हिरवट डाग होता, आणि पितळ मेलेल्या नाण्यासारखं काळवंडलेलं. माप बरोबर, नाव बरोबर, रायफल बरोबर. तरी तो राऊंड चुकीचा होता.

हात वर करून परत द्यायला अर्धा मिनिट लागला असता. डिटेल थांबली असती, मागच्या पोरींनी सुस्कारे टाकले असते. मी तो मॅगझिनमध्ये दोन नंबरला घातला.

पहिला बार नीट गेला. दुसऱ्याला फुस्स.

इथे काय करायचं ते मला पाठ होतं. चापावरून बोट काढायचं. नळी टारगेटकडेच ठेवायची. कधीकधी मसाला उशिरा पेटतो, म्हणून तीस सेकंद तसंच थांबायचं. हात वर करून उस्तादांना बोलवायचं. मग बोल्ट काढून मागच्या बाजूने नळीत उजेड दिसतो का बघायचं. उजेड दिसला नाही तर गोळी आत अडकली आहे, आणि ती दुसऱ्या गोळीने बाहेर काढायची नाही. कधीच नाही. एवढं सगळं डोक्यात होतं, आणि हाताने मात्र बोल्ट मागे ओढला, पुढे ढकलला. वेळ लावलेला राऊंड होता. मी तिसरा बार उडवला.

खांद्याला नेहमीपेक्षा जोरात टोचलं. बाकी काही झालं नाही. .२२मध्ये दारू चिमूटभर, म्हणून. पप्पांच्या कोतातल्या एखाद्या रायफलीत हेच केलं असतं तर मी कदाचित हे दोन डोळ्यांनी टाईप करत नसते.

टारगेटवर चार भोकं होती. त्यातलं एक जरा फाटलेलं. “एक मिस,” स्कोअर लिहिणारी म्हणाली. मी मान हलवली.

संध्याकाळी सतरंजीवर बसून रायफली साफ करायच्या होत्या. दोरीला, म्हणजे पुलथ्रूला, कापडाची चिंदी अडकवायची आणि नळीतून ओढायची. स्वच्छ नळीत चिंदी सगळीकडे सारखी घट्ट लागते. माझी घट्ट आली, आली, आणि तोंडापासून वीतभर अलीकडे अचानक सैल झाली. बोटभर अंतर सैल, मग परत घट्ट. मी पुन्हा ओढली. पुन्हा तिथेच. बल्बकडे धरून आत बघितलं तर चकचकीत नळीत एक काळी गोल रेघ. पप्पा तिला अंगठी म्हणायचे. नळीत अंगठी दिसली की ती रायफल गेली समज. अडकलेल्या गोळीवर मागची आपटली की तेवढ्याच जागी लोखंड फुगतं. बाहेरून बोट फिरवलं तर नख अडखळेल इतपतच.

उस्ताद ओळीतून विचारत आले, “कोई शिकायत? किसी के वेपन में कुछ?”

“नो, उस्ताद.”

“जमा करो.”

रात्री मी झोपले नाही असं लिहायला आवडलं असतं. झोपले. दिवसभर उन्हात पळवल्यावर झोप येतेच.

सकाळी रायफली नंबरप्रमाणे निघाल्या आणि ती तिच्याकडे गेली. मी मागे उभी होते, माझी डिटेल नंतर होती. मी नंबर वाचला. शेवटचे दोन आकडे अजून आठवतात. ती झोपली, कोपर बसवलं, भरलं. तिने दहा राऊंड उडवले आणि दहाही वेळा मी दात आवळून उभी राहिले. फुगलेली नळी फाटेलच असं नसतं. .२२ची अशी रायफल कित्येकदा चालत राहते. पण एकदा ताणलेलं लोखंड पुढच्या वेळी काय करेल याची हमी कुणी देत नाही, आणि तिचा गाल त्या लोखंडापासून हातभर अंतरावर होता. हे मला कळत होतं आणि मी गप्प होते. ‘घाबरले होते’ हे खरं, पण पुरेसं नाही. तिचा ग्रुप बिघडला तर काय होईल, हेही कुठेतरी कळत होतं.

ग्रुप बशीएवढा आला. ती टारगेटचा कागद हातात घेऊन माझ्याकडेच आली. “कायतरी बिघडलंय गं रायफलचं. मी एवढं वाईट मारत न्हाई.”

तेव्हा मी गेले उस्तादांकडे.

ते ओरडले नाहीत. बोल्ट काढला, आत बघितलं, नळीवरून अंगठा फिरवला आणि मग माझं बोट धरून त्या जागेवर ठेवलं. “राऊंड खराब था, वो तेरी गलती नहीं. आवाज सुनी थी?”

“हाँ, उस्ताद.”

“शाम को मैंने पूछा था?”

“हाँ, उस्ताद.”

मग ते रजिस्टरमध्ये लिहायला लागले. बराच वेळ लिहीत होते. निवडीतून माझं नाव गेलं, ते जायलाच हवं होतं. तिला दुसऱ्या रायफलीने परत मारू दिलं नाही. गुण आधीच चढले होते, यादी वर गेली होती. दोघींच्या जागी तिसरीच कुणीतरी दिल्लीला गेली.

पप्पा मला एसटी स्टँडवर न्यायला आले होते. गाडीवर मागे बसून मी सगळं सांगितलं, तोंड दिसत नव्हतं म्हणून जमलं. रंकाळ्यापर्यंत ते काही बोलले नाहीत. मग गाडी बाजूला घेतली.

“हिरवा राऊंड हातात आला तवाच परत द्यायचा हुतास.”

“डिटेल थांबली असती, पप्पा.”

“थांबली असती. मग?”

याच्यावर मला अजून उत्तर सुचलेलं नाही. त्यांनी दोन मक्याची कणसं घेतली, एक मला दिलं, आणि विचारलं, “त्या पोरीला सांगितलंस का, तू आधी बघितलं हुतंस ते?”

सांगितलं नव्हतं. तिला वाटत होतं मलाही सकाळीच कळलं. मी घरी जाऊन फोन केला. तिने ऐकून घेतलं, ‘बरं’ म्हणाली आणि ठेवला. दोन वर्षं आम्ही बोललो नाही.

आता मी पुण्यात नोकरी करते आणि रविवारी एका रेंजवर नवीन मुलांना मदत करते. स्वप्निल कुसाळेंनी २०२४ला पॅरिसमध्ये ब्राँझ मिळवल्यापासून गर्दी वाढलीये. मुलं महागड्या जॅकेटबद्दल विचारतात. मी त्यांना आधी गोळ्या तळहातावर फिरवायला लावते, आणि कुणी राऊंड परत दिला की बाकीच्यांना थांबवते. त्यांना ते कंटाळवाणं वाटतं. वाटू दे.

ती पोलिसात भरती झाली. तिनेच एक दिवस ट्रेनिंग सेंटरवरून फोन केला, काही प्रस्तावना न करता.

“आज फायरिंग होतं. मी एक राऊंड परत दिला. हवालदार जाम चिडला.”

“का दिलास?”

“बुडाला डाग होता. हिरवा.”

मी काहीच बोलले नाही. मागे भांड्यांचा आवाज येत होता. मग ती मेसच्या आमटीबद्दल सांगायला लागली, की डाळ शोधायलाच दुर्बीण लागते.