कमलाबाईंचं घर

मोहोपाडा,
मंगळवार

सौ. वहिनींस,

काल फोनवर तुम्ही विचारलंत, ‘चांगल्या घरच्या मुली असल्या सिनेमाच्या कामाला जातात का?’ आणि उत्तराची वाट न पाहता फोन ठेवलात. म्हणून हे पत्र.

तुम्ही विक्रम गोखल्यांच्या भक्त. त्यांचं एकही नाटक सोडलं नाहीत. त्यांच्या घरातल्या बायकांबद्दल मात्र आपल्याकडे कुणी बोलत नाही.

त्यांच्या पणजी दुर्गाबाई कामत. नवऱ्यापासून वेगळ्या झाल्यावर लहानग्या लेकीला, कमलाला, घेऊन त्या नाटक कंपनीत शिरल्या. तो काळ बायकांची कामं पुरुषांनी करण्याचा. दादासाहेब फाळक्यांना ‘राजा हरिश्चंद्र’साठी तारामती शोधताना कोठ्यांवरच्या बायकांनीही नकार दिला, शेवटी साळुंके नावाच्या पुरुषाला लुगडं नेसवावं लागलं. त्याच साली, १९१३ मध्ये, ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई पार्वती झाल्या आणि कमला मोहिनी. तेव्हा ती जेमतेम तेरा वर्षांची. भारतीय सिनेमातल्या पहिल्या स्त्रिया म्हणून दोघींचं नाव घेतात ते यामुळे.

हे झालं पुस्तकातलं. मला थोर वाटतं ते पुढचं. कमलाबाईंचं लग्न रघुनाथराव गोखल्यांशी झालं, तेही नाटकातलेच. ऐन तरुणपणी ते गेले. आपल्या आजीच्या पिढीत विधवेला माजघराचा कोपरा मिळे. या बाई तोंडाला रंग लावून उभ्या राहिल्या. पुरुषांच्याही भूमिका केल्या. आईचं उदाहरण डोळ्यांसमोर होतं, म्हणून ते जमलं असावं, असं मला आपलं वाटतं. तीन मुलं वाढवली ती या कमाईवर: चंद्रकांत नट झाले, लालजी आणि सूर्यकांत तबल्याकडे वळले. लालजी तर थिरकवा खाँसाहेबांचे शिष्य. पोटाची विद्या म्हणून आलेली गोष्ट तिसऱ्या पिढीत घराण्याची प्रतिष्ठा झाली, आणि मग लोक म्हणू लागले, काय कलावंत घराणं आहे! कमलाबाई म्हातारपणीही काम करत होत्या. १९८० च्या ‘गहराई’त त्या दिसतात. पुढे रीना मोहन यांनी त्यांच्यावर ‘कमलाबाई’ नावाचा माहितीपट केला. मिळाला तर जरूर बघा.

दुर्गाबाईंचे पणतू विक्रम यांना ‘अनुमती’साठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तो २०१३ मध्ये, पणजींच्या सिनेमानंतर बरोबर शंभर वर्षांनी. तेव्हा तुम्ही पेढे वाटले होतेत, वहिनी!

आता आपल्या लेकीचं. चौक-कर्जत रस्त्यावरच्या स्टुडिओत काम आहे, ‘जोधा अकबर’चा सेट जिथे लागला होता तिथे. मोहोपाड्याहून चौक फार लांब नाही, ती माझ्याकडे राहील. तुमची काळजी अगदीच खोटी नाही: शूटिंग रात्री उशिरापर्यंत चालतं, पैसे लटकवणारेही असतात. म्हणून करार लेखी घ्यायचा, तो दादानं वाचायचा, आणि रात्रीच्या शिफ्टला येण्याजाण्याची गाडी कंपनीनं द्यायची. एवढं कबूल झालं तर अडवू नका.

रविवारी तिला घेऊन या, आणि दादालाही आणा. जेवायला इथेच.

तुमची,
धाकटी नणंद