पट्टा

नाशिककर पावसाचे माप दुतोंड्या मारुतीवरून घेतो. गोदावरीचे पाणी त्याच्या कमरेला लागले, छातीला लागले, अशा वार्ता घरोघर जातात. २०१९ च्या ऑगस्टात गंगापूर धरणातून पाणी सुटले आणि मारुती डोक्यासकट बुडाला. त्याच आठवड्यात आमचे कपडे धुण्याचे यंत्र बंद पडले. गावावरच्या संकटापुढे ही गोष्ट सांगण्याजोगी नव्हे, हे मला कळते. पण आमच्या घरात अण्णा होते.

अण्णा, म्हणजे माझे वडील, उभा जन्म पिठाच्या गिरणीत राबलेले. अर्धांगाने उजवी बाजू गेली तेव्हापासून खाटेवर. दिवसाला तीन चादरी निघत. त्या विषयावर त्यांच्यासमोर कोणी बोलत नसे. यंत्र बंद पडले हेही आम्ही त्यांना सांगितले नाही. मी घाबरून त्याची पिन काढून ठेवली. दोन दिवस पत्नी चादरी हाताने धूत, पिळत होती आणि त्या पंख्याखाली कुबट वास धरून लोंबत होत्या.

तिसऱ्या दिवशी मी पुन्हा बटण फिरवून पाहिले. मोटर गुणगुणली, पाणी मात्र ढिम्म हलेना. तोच आतून जड जिभेचा आवाज आला, "पट्टा तुटलाय."

"तुम्हाला कसं कळलं, अण्णा?"

"जुंपलेला बैल अन् मोकळा बैल, दोघांची चाल सारखी असते का रे?"

मी खाटेशी जाऊन बसलो. मॅट्रिकला विज्ञानात काठावर निभावलेला मी मराठीचा मास्तर. चाळिशी उलटल्यावर त्या दिवशी मला पट्ट्याचा पहिला पाठ मिळाला. गिरणीचा पट्टा सपाट, म्हणून तिथले चाक मधोमध किंचित फुगीर ठेवतात. पट्टा आपणहून उंचवट्याकडे चढतो आणि घसरून पडत नाही. घरच्या यंत्राचा पट्टा पाचरीसारखा. तो खाचेच्या तळावर बसत नाही, दोन्ही कडांना आवळून धरतो. कडा झिजल्या की तो खाली बुडतो, घसरतो, आणि एक दिवस तुटतो.

"आणि पिळायच्या टोपलीला पट्टा नसतोच," अण्णा म्हणाले. "तिला वेगळी मोटर. चादरी हातानं कशाला पिळल्या सूनबाईनं?"

यंत्र घरी आले त्याच दिवशी, हातपाय धड असताना, त्यांनी मागचे झाकण काढून सारे पाहून ठेवले होते. हे आम्हाला ठाऊक नव्हते. आम्ही विचारलेच कुठे!

पूर ओसरल्यावर तुटका पट्टा खिशात घालून मी भद्रकालीत गेलो. दुकानदाराने त्यावरचा पुसट आकडा वाचला आणि खुंटीवरून जोडीदार काढून दिला. घरी येऊन पिन काढली, यंत्र ओढत अण्णांच्या खाटेशी नेले, आडवे केले. पट्टा आधी मोटरच्या लहान चाकावर, मग मोठ्या चाकाच्या कडेवर धरून चाक हाताने फिरवायचे. सायकलची साखळी चढवतात तसेच. दोनदा बोट चेमटले. मग मोटरचे बोल्ट सैल करून ताण धरायचा.

"इकडे आण," अण्णा म्हणाले. मी त्यांचा डावा हात आत नेला. त्यांनी अंगठ्याने पट्ट्याच्या मध्यावर दाब दिला. "ढिला आहे." मी मोटर मागे ओढली. "आता फार ताणलास, बुश खाईल." तिसऱ्या खेपेस अंगठा अर्धा इंच दबला आणि तिथेच थांबला. बराच वेळ त्यांनी तो काढला नाही.

यंत्र उभे करून चालू केले. फिरू लागले तसा त्यांनी कान दिला, मान हलवली. मग पत्नीला हाक मारली,

"सूनबाई, ही चादर ओली आहे, काढून घे. अन् प्यायला पाणी दे. तांब्या भरून दे."

ती मोरीकडे न जाता तशीच उभी राहिली. दोन दिवस त्यांचा तांब्या भरलेलाच परत येत होता, आणि औषधाने तहान मेली असेल असे आम्ही धरून चाललो होतो.